मुदतपूर्व बदलीचा आदेश हातात पडल्यावर

वाचक भगिनीचे पत्र, थोडे संक्षेपाने:

«मी राज्य शासनाच्या एका विभागात गट-ब राजपत्रित अधिकारी आहे. सातारा जिल्ह्यातील सध्याच्या पदावर मागच्या वर्षीच्या जूनमध्ये रुजू झाले. या महिन्याच्या 9 तारखेला, म्हणजे ऑक्टोबरमध्ये, माझी गडचिरोली जिल्ह्यात बदली झाल्याचा आदेश आला. कारण "प्रशासकीय" एवढेच लिहिले आहे. माझ्या जागी येणाऱ्या अधिकाऱ्यांची बदली मात्र "विनंतीनुसार" आहे. ऑगस्टमध्ये मी एका पुरवठादाराचे देयक त्रुटी काढून परत पाठवले होते. त्यानंतर एका स्थानिक पुढाऱ्याने माझ्याविरुद्ध तक्रार केल्याचे ऐकले. मला कोणी काही विचारले नाही. मुलगी दहावीत आहे, यजमान जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक आहेत. मला अद्याप कार्यमुक्त केलेले नाही, पण नवे अधिकारी सोमवारी रुजू होणार असे कळते. मी वैद्यकीय रजा टाकावी का? कोर्टात जावे का? यजमान म्हणतात की आमदारांचे पत्र आणू. रुजू झाले तर हक्क जातो का?»

स. न. वि. वि.

आपल्या पत्रातील सोमवार लक्षात घेऊन या उत्तराची प्रत मी आपणास आधीच ईमेलने पाठवली आहे. सदराचा दिवस उजाडेपर्यंत थांबणे परवडणारे नव्हते. इतर वाचकांपैकी अनेकांना हाच प्रश्न पडत असल्यामुळे ते येथेही देत आहे.

आपल्या पत्रात दोन प्रकारची गाऱ्हाणी एकमेकांत मिसळलेली आहेत आणि ती वेगळी करणे हे पहिले काम आहे. मुलीची दहावी, यजमानांची नोकरी आणि आठशे-नऊशे किलोमीटरचे अंतर ही आपली अडचण आहे. ऑक्टोबरमधील आदेश, सोळा महिन्यांत झालेली उचलबांगडी आणि न दिलेले कारण ही शासनाची अडचण आहे. बहुतेक कर्मचारी अर्जाची पहिली चार पाने स्वतःच्या अडचणीवर खर्च करतात आणि शासनाची अडचण शेवटच्या परिच्छेदात उरकतात. निकाल मात्र जवळजवळ नेहमी त्या शेवटच्या परिच्छेदावर लागतो.

याचे कारण असे की, बदली ही नोकरीचा एक अंगभूत भाग आहे, एका विशिष्ट ठिकाणी राहण्याचा हक्क कोणालाही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने गेल्या चार दशकांत इतक्या वेळा सांगितले आहे की त्यावर वाद घालण्यात अर्थ नाही. 1993 च्या एस. एल. अब्बास प्रकरणात शिलाँगच्या बोटॅनिकल सर्व्हेमधील एका गार्डन क्युरेटरची (उद्यान-अभिरक्षकाची) आजच्या उत्तराखंडातील पौडीला बदली झाली होती. पत्नी शिलाँगमध्येच सरकारी नोकरीत, मुले तिथल्या शाळेत आणि स्वतःची प्रकृती बरी नाही, अशी त्यांची परिस्थिती आपल्यापेक्षा फार वेगळी नव्हती. सरकारी नोकरांच्या सेवेविषयक तक्रारी ऐकणाऱ्या प्रशासकीय न्यायाधिकरणाने त्यांची बदली रद्द केली होती. सर्वोच्च न्यायालयाने न्यायाधिकरणाचा तो आदेश रद्द केला. कोणाची बदली कुठे करायची हे प्रशासनाने ठरवायचे, पती-पत्नींना एका ठिकाणी ठेवण्याची मार्गदर्शक तत्त्वे विचारात घ्यायची असली तरी त्यातून न्यायालयात बजावता येईल असा हक्क निर्माण होत नाही, असे त्या निकालाचे सार आहे. न्यायालय हस्तक्षेप करते ते मुख्यतः दोन कारणांसाठी: बंधनकारक वैधानिक तरतूद मोडली गेली असेल, किंवा आदेशामागे दुष्ट हेतू असेल. 1991 च्या शिल्पी बोस प्रकरणातही हेच सांगितले आहे.

आपले नशीब एवढे बरे की आपण महाराष्ट्र शासनाच्या सेवेत आहात. पुष्कळ ठिकाणी बदल्यांबाबत केवळ धोरणे आणि परिपत्रके असतात. आपल्याकडे कायदा आहे. अण्णा हजारे यांच्या आंदोलनाच्या रेट्यातून आलेला बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणारा विलंब यांबाबतचा 2005 चा अधिनियम 1 जुलै 2006 पासून अमलात आहे. त्याच्या कलम 3 प्रमाणे आपल्यासारख्या अधिकाऱ्याचा एका पदावरील सर्वसाधारण कालावधी तीन वर्षांचा आहे, आणि कलम 4 प्रमाणे तो पूर्ण होण्यापूर्वी सामान्यतः बदली करता येत नाही. बदल्याही वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात करायच्या आहेत. आपल्या आदेशाने या दोन्ही गोष्टी एकदम मोडल्या आहेत: तो मध्यावधी आहे, म्हणजे एप्रिल-मेच्या बाहेरचा आहे, आणि मुदतपूर्वही आहे. हे दोन शब्द लोक एकाच अर्थाने वापरतात, पण कायद्यात त्यांच्यासाठी दोन वेगळी दारे आहेत आणि शासनाला आपल्या बाबतीत दोन्ही दारांतून नियमाने यावे लागेल.

मध्यावधी बदलीसाठी, रिक्त पद वगैरे नेहमीची कारणे सोडली तर, कलम 4(4) नुसार अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारणे लेखी नोंदवावी लागतात आणि लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यावी लागते. मुदतपूर्व बदलीसाठी कलम 4(5) आहे: तीही विशेष प्रकरणी, कारणे लेखी नोंदवून आणि कलम 6 मधील तक्त्यात जो लगतचा वरिष्ठ बदली प्राधिकारी दाखवला आहे त्याच्या पूर्वमान्यतेने. त्या तक्त्यानुसार गट-ब अधिकाऱ्यांच्या बदलीचा अधिकार संबंधित सचिवांच्या सल्ल्याने विभागाच्या मंत्र्यांकडे आहे, आणि त्यांच्या वरची पायरी मुख्यमंत्र्यांची. म्हणजे आपली बदली सोळा महिन्यांत करायची तर नस्तीवर, म्हणजे सरकारी फाइलवर, मुख्यमंत्र्यांची मान्यता हवी आणि ती आदेशाच्या आधीची हवी. कलम 6 खाली अधिकार प्रदान करता येतात, त्यामुळे आपल्या विभागात तसा काही आदेश आहे का, हे वकिलांनी आधी तपासून घ्यावे. नाहीतर युक्तिवादाच्या दिवशी सरकारी वकील तो कागद काढून दाखवतात आणि आपला मुख्य मुद्दा तिथेच गळतो.

आता आपण पाठवलेल्या आदेशाच्या छायाचित्राकडे वळतो. पाच रकाने आहेत: अनुक्रमांक, नाव, सध्याची पदस्थापना, बदलीनंतरची पदस्थापना आणि शेरा. तिसऱ्या ओळीत आपले नाव आहे आणि शेरा "प्रशासकीय". चौथ्या ओळीत आपल्या जागी येणारे अधिकारी आहेत आणि शेरा "विनंतीनुसार". खालच्या परिच्छेदात अधिनियमाच्या कलम 4(4) व 4(5) चा नुसता उल्लेख आहे. ज्यांनी असे आदेश पाहिले आहेत त्यांना या दोन ओळी एकाखाली एक वाचूनच पुष्कळ काही कळते, कारण एकाची विनंती पुरवण्यासाठी दुसऱ्याला मुदतीआधी हलवणे हे कायद्यातील "विशेष प्रकरण" होऊ शकत नाही, असा युक्तिवाद त्यातून उभा राहतो. "प्रशासकीय कारणास्तव" हा शब्दप्रयोग म्हणजे कारण नव्हे. ते कारणावर लावलेले लेबल आहे, आणि मुंबई उच्च न्यायालयाने व न्यायाधिकरणाने अशा ठोकळेबाज शब्दांवर वेळोवेळी नापसंती नोंदवली आहे. तरीही एक गोष्ट लक्षात ठेवा: कारण आदेशातच लिहिलेले असावे असे नाही, ते नस्तीवर असले तरी चालते. म्हणून खरी लढाई आदेशावर नसून नस्तीतील टिपणीवर आहे.

टिपणीत काय पाहायचे हे मी एका जुन्या अनुभवावरून सांगतो. माझ्या एका पक्षकाराच्या प्रकरणात नस्ती न्यायाधिकरणापुढे आली तेव्हा कारणे नोंदवलेली होती, वरिष्ठांची मान्यताही होती; सरकारी वकील निवांत होते. मान्यतेच्या सहीखालची तारीख मात्र आदेशाच्या तारखेनंतर दोन दिवसांची निघाली. "पूर्वमान्यता" या शब्दातला "पूर्व" कोणीतरी विसरले होते, आणि प्रकरण तेवढ्यावर संपले. तेव्हापासून मी मजकुराआधी तारखा वाचतो. दुसरी पाहण्याची गोष्ट म्हणजे बदल्यांची शिफारस करणारे अधिकाऱ्यांचे नागरी सेवा मंडळ. टी. एस. आर. सुब्रमण्यन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये दिलेल्या निर्देशांनंतर राज्यात 2014 पासून अशी मंडळे आहेत. आपले नाव मंडळापुढे गेले होते का, मंडळाने काय शिफारस केली, आणि आपले नाव मूळ प्रस्तावात होते की नंतर हाताने लिहून वाढवले, हे पाहावे. मंडळाची शिफारस अंतिम नसते. पण मंडळाला वळसा घातला असेल तर त्याचे उत्तर शासनाला द्यावे लागते.

माहिती अधिकारात टिपणीच्या प्रती आजच मागा, परंतु त्यावर विसंबून राहू नका. त्या कायद्यातली तीस दिवसांची मुदत आपल्या सोमवारपेक्षा फार लांब आहे. अर्ज दाखल झाल्यावर मूळ नस्ती हजर करण्याची विनंती न्यायाधिकरणाला करता येते आणि बदलीच्या प्रकरणांत ती बहुधा पाहिली जाते.

तक्रारीबद्दल. आपल्याला ती केवळ ऐकून माहीत आहे, त्यामुळे ती अर्जात "असे समजते की" याच शब्दांत यावी. नस्तीत ती निघालीच तर सामान्य प्रशासन विभागाच्या 11 फेब्रुवारी 2015 च्या सूचना आपल्या कामाला येतील: तीन वर्षे पूर्ण न झालेल्या अधिकाऱ्याची केवळ तक्रारीवरून बदली करू नये, तक्रारीतील तथ्य अहवाल मागवून तपासावे, आणि तथ्य असल्यास शिस्तभंगाची कारवाई करावी, असा त्यांचा रोख आहे. सर्वोच्च न्यायालयाचा 2008 चा एक निकालही इथे चपखल बसतो. केंद्रीय उत्पादन शुल्क खात्यातील एका अधिकाऱ्याची निनावी तक्रारीनंतर भोपाळहून शिलाँगला बदली झाली होती, आणि चौकशीत तर तक्रार खरी ठरली नव्हती. शिक्षेच्या ऐवजी केलेली बदली टिकू शकत नाही, असे म्हणून न्यायालयाने ती रद्द केली. एखाद्याला चौकशीची संधी न देता, बदलीच्या आडून शिक्षा करणे याला कायद्यात नाव आहे: कायद्यातील दुष्ट हेतू. त्यासाठी कोणाच्या मनात काय होते हे सिद्ध करावे लागत नाही.

व्यक्तिगत आकसाचे मात्र तसे नाही. 1974 च्या रोयप्पा प्रकरणापासून ठरलेले आहे की दुष्ट हेतूचा आरोप करणे सोपे आणि सिद्ध करणे कठीण, आणि ओझे आरोप करणाऱ्यावर असते. ज्याच्यावर आरोप आहे त्याला नावानिशी पक्षकार करावे लागते, तारीख-वारासह तपशील द्यावा लागतो. आपण त्या पुढाऱ्याचे नाव पत्रात लिहिले आहे (मी ते वगळले आहे), पण हाती असलेला कागद एकच: देयक परत पाठवल्याची आपली टिपणी. ती अवश्य जोडा, तारखांची साखळी मांडा, निष्कर्ष न्यायाधिकरणावर सोडा. पुढाऱ्याला प्रतिवादी करण्याचा मोह टाळा, असे माझे मत आहे. पुराव्याशिवाय केलेला आरोप फेटाळला गेला की त्याची सावली आपल्या भक्कम मुद्द्यांवरही पडते. आकस सिद्ध झाल्याची उदाहरणे अर्थात आहेत. पंजाब अँड सिंध बँकेच्या इंदूरमधील एका महिला मुख्य व्यवस्थापकांनी शाखेतील गैरव्यवहार वरिष्ठांना कळवले होते आणि लैंगिक छळाची तक्रारही केली होती. त्यांची बदली जबलपूर जिल्ह्यातील सरसावा शाखेत झाली, आणि ती शाखा त्यांच्यापेक्षा खूप कनिष्ठ श्रेणीच्या अधिकाऱ्यासाठीची होती. 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही बदली रद्द ठरवली आणि वर पन्नास हजार रुपये खर्चही द्यायला लावला. त्यांच्या हाती पत्रव्यवहार होता, तारखा होत्या आणि पदाची श्रेणी न जुळणे हा न पुसता येणारा पुरावा होता.

आता आपल्या घरच्या अडचणींकडे. त्या निरुपयोगी नाहीत. त्यांची जागा दुय्यम आहे. मुलांच्या शिक्षणाबाबत तमिळनाडूतील एका प्रकरणात 1994 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते की, सेवेची निकड तातडीची नसेल तर शैक्षणिक वर्षाच्या मध्यात बदली करताना या गोष्टीला योग्य वजन द्यावे. पती-पत्नी एकत्र राहण्याच्या प्रश्नाला 2022 च्या एका निकालात, कौटुंबिक जीवनाच्या सन्मानाच्या अंगाने, पूर्वीपेक्षा अधिक सहानुभूतीने पाहिले गेले, तरी हक्क म्हणून बदली मागता येते असे त्यातही म्हटलेले नाही. अंतरिम स्थगिती मागताना मात्र हे मुद्दे खरोखर उपयोगी पडतात, कारण तिथे प्रश्न कोणाची गैरसोय अधिक हा असतो. मुलीचे शाळेचे प्रमाणपत्र आणि परीक्षेचे वेळापत्रक जोडा.

एक विनंती मात्र करतो. सोबत पाठवलेल्या अर्जाच्या मसुद्यात आपण "गडचिरोलीसारख्या शिक्षेच्या ठिकाणी" असे लिहिले आहे. ते शब्द काढून टाका. शासन स्वतः अशा भागातील कर्मचाऱ्यांना एकस्तर (एक पायरी वरच्या) वेतनश्रेणीसारखे लाभ देते, ते तिथे माणसे जावीत म्हणून. तिथल्या लोकांनाही अधिकारी हवेच आहेत, आणि न्यायपीठावरील व्यक्तीने नोकरीची सुरुवातीची वर्षे विदर्भात काढलेली असू शकतात.

कुठे जायचे? महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या, म्हणजे मॅटच्या, मुंबई खंडपीठाकडे. नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथेही खंडपीठे आहेत, पण सातारा मुंबईकडे येतो. 1985 च्या प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम 19 खाली मूळ अर्ज करायचा असतो. मुदत एक वर्षाची आहे, पण त्या मुदतीचा आपल्याला काही उपयोग नाही. आपली मुदत सोमवार सकाळ आहे. नवे अधिकारी रुजू झाले आणि आपल्याला एकतर्फी कार्यमुक्त केले, तर स्थगिती मिळणे अशक्य होत नाही, पण न्यायाधिकरणाला घड्याळाचे काटे उलटे फिरवावे लागतात आणि ते त्याला नको असते. अर्जाआधी विभागाकडे दाद मागावी अशी सामान्यतः अपेक्षा असते, म्हणून आजच एक पानाचे अभिवेदन, म्हणजे लेखी निवेदन, द्या आणि त्याची पोच घ्या. उत्तराची वाट पाहू नका. त्या "सामान्यतः" या शब्दामुळे तातडीच्या प्रकरणात थेट येता येते. आपल्या जागी येणाऱ्या अधिकाऱ्यांना प्रतिवादी करायला विसरू नका, ते आवश्यक पक्षकार आहेत. त्यांनी कॅव्हेट (आपले ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा आगाऊ अर्ज) दाखल केले आहे का हेही वकिलांना पाहायला सांगा. अंतरिम आदेशासाठी दुसऱ्या बाजूला प्रत देऊन म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते. पैशाने भरून न येणारे नुकसान टाळण्यासाठी एकतर्फी आदेश मिळू शकतो, पण तो चौदा दिवसांचाच असतो.

वैद्यकीय रजा टाकू नका. आपल्याला खरेच बरे नसेल तर गोष्ट वेगळी. पण आदेश चुकवण्यासाठी टाकलेली रजा कार्यालयातल्या शिपायापासून न्यायाधिकरणापर्यंत सर्वांना ओळखू येते. गुजरात वीज मंडळाच्या एका कर्मचाऱ्याने सुरतहून उकाईला झालेली बदली मानली नाही, अभिवेदन दिले आहे एवढ्या आधारावर तो रुजू झाला नाही, आणि त्याची नोकरी गेली. सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्ये मंडळाची कारवाई कायम ठेवली. अभिवेदन प्रलंबित असणे म्हणजे स्थगिती नव्हे. आमदारांच्या पत्राचेही तसेच आहे. बदलीसाठी बाहेरचा दबाव आणणे 1979 च्या वर्तणूक नियमांत गैरवर्तन आहे, आणि समोरच्याने शिफारशीने जागा मिळवली असा आपलाच मुद्दा असताना आपल्या नस्तीतही एक शिफारसपत्र निघाले तर काय शोभा राहील, हे यजमानांना शांतपणे सांगा.

त्यांच्या स्वतःच्या बाबतीत एवढेच, की ते जिल्हा परिषदेचे शिक्षक असल्याने त्यांना मॅटचे दार उघडे नाही. त्यांच्या बदल्या ग्रामविकास विभागाच्या वेगळ्या धोरणाने होतात आणि त्याविरुद्ध उच्च न्यायालयात जावे लागते. केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण आहे, राष्ट्रीयीकृत बँकांच्या अधिकाऱ्यांसाठी उच्च न्यायालय. चुकीच्या दारावर गेलेला आठवडा परत मिळत नाही.

जिंकल्यास काय मिळेल याचीही कल्पना असू द्या. बदली रद्द झाली तरी शासन योग्य कार्यपद्धतीने नवा आदेश काढायला मोकळे असते, आणि तीन वर्षे झाली की एप्रिल-मेच्या यादीत आपले नाव येईलच. अनेकदा सुनावणीतच तडजोडीचा रस्ता निघतो: शैक्षणिक वर्ष संपेपर्यंत मुदत, किंवा जवळच्या रिक्त पदावर पदस्थापना. आपल्या विभागात सातारा, सांगली, कोल्हापूर भागात कोणती पदे रिक्त आहेत याची यादी तयार ठेवा. न्यायपीठाने विचारले आणि वकिलांकडे उत्तर नसले, असे मी बरेचदा पाहिले आहे.

राहिला रुजू होण्याचा प्रश्न. सोमवारपूर्वी स्थगिती मिळाली नाही आणि कार्यमुक्त केले गेले, तर पदग्रहण अवधी, म्हणजे नव्या जागी रुजू होण्यासाठी मिळणारे दिवस, संपेपर्यंत सुनावणीची वाट पाहा. तोवरही आदेश मिळाला नाही तर गडचिरोलीला जाऊन रुजू व्हा. रुजू झाल्याने अर्ज निकाली निघत नाही. फक्त कार्यभार हस्तांतरणाच्या प्रमाणपत्रावर नुसती सही करू नका. सहीच्या वर स्वतःच्या अक्षरात एवढे लिहा: "बदली आदेशाविरुद्ध न्यायाधिकरणात दाद मागण्याचा हक्क राखून कार्यभार सोपवीत आहे." खाली दिनांक व वेळ टाका. आणि ते परत पाठवलेले देयक कार्यभाराच्या यादीत, आपल्या टिपणीसह, स्वतंत्र क्रमांकाने नोंदवून त्याची पोच घ्या.